घडणावळ

सोनेतारण कर्जासाठी एखादी गृहिणी बँकेच्या काउंटरवर पोत किंवा पाटल्या ठेवते, तेव्हा मूल्यांकनकार प्रथम कसोटीवर कस पाहतो. मग दागिना तराजूत घालतो आणि आलेल्या वजनातून खडे, लाख, मणी यांचे वजन वजा करतो. उरते ते निव्वळ सोने. त्याला त्या दिवसाचा भाव लागतो आणि त्याच्या ठरावीक हिश्शापर्यंत कर्ज मिळते. या साऱ्या हिशेबात एक रक्कम कोठेच धरली जात नाही, ती म्हणजे घडणावळ. दागिना घेताना ग्राहकाने ती मोजलेली असते, बहुधा कुरकुरतच. सोन्याचा भाव वर्तमानपत्रात छापून येतो म्हणून त्यावर कोणी वाद घालत नाही. सारी घासाघीस होते ती घडणावळीवर. पुढे कधी तो दागिना मोडीत निघाला तर तिचे मोल शून्य. लोणार, मेहकर, सिंदखेडराजा या पट्ट्यातील सराफी पेढ्यांवर हाच शिरस्ता आहे आणि व्यवहाराच्या दृष्टीने त्यात गैर काही नाही. धातू वितळतो, हात वितळवून परत मिळत नाही.

त्याच लोणार गावात दैत्यसूदनाचे मंदिर उभे आहे. सरोवर पाहून परतणारे बहुतेक प्रवासी तेथे थोडा वेळ थांबतात, लवणासुराची कथा ऐकतात आणि पुढे जातात. बाहेरील भिंतींवरच्या मूर्तींपुढे मात्र सराफाच्या नजरेने उभे राहावे. गळ्यातील हार, दंडावरचे बाजूबंद, कमरेची मेखला, पायांतील नूपुर हे सारे दगडाचे. एक गुंजही सोने नाही, मोड नाही, तारणमूल्य नाही. आहे ती केवळ घडणावळ, आणि ती शतके टिकून राहिली आहे.

दगडाला जे शक्य आहे ते कापडाला नाही. वस्त्र विरते, रंग उडतो, नकली दागिन्यावरचे पाणी उतरते. अशा नाशवंत वस्तूंच्या घडणावळीवर कोल्हापूरच्या एका मराठी स्त्रीने साठ वर्षांची कारकीर्द उभी केली आणि ऑस्कर मिळविणारी पहिली भारतीय व्यक्ती म्हणून जगाच्या पाठीवर नाव नोंदविले. भानू अथैया हे ते नाव. लोक त्यांना ‘सिनेमाच्या कपडेवाल्या’ म्हणून ओळखतात. वस्तुतः नखशिखान्त माणूस उभा करणे, म्हणजे वस्त्र, अलंकार, केशरचना, रंग आणि पोत यांचा एकत्रित विचार करणे, हे त्यांचे काम होते.

त्यांचा जन्म २८ एप्रिल १९२९ रोजी कोल्हापुरात, राजोपाध्ये घराण्यात झाला. अण्णासाहेब आणि शांताबाई यांच्या सात अपत्यांपैकी त्या तिसऱ्या. वडील चित्रकार. त्या काळचे कोल्हापूर म्हणजे एकीकडे बाबूराव पेंटरांची चित्रपटसृष्टी, दुसरीकडे दरबारी वैभवाच्या खुणा आणि तिसरीकडे गुजरीतील सराफांच्या पेढ्या. साज, ठुशी, नथ यांचे घाट कोल्हापुरातील मुलीला शिकवावे लागत नाहीत. ते डोळ्यांत आपोआप उतरतात. भानू नऊ वर्षांच्या असताना वडिलांचे निधन झाले आणि सात मुलांचा संसार आईवर पडला. व्यापारी कुटुंबांत असे प्रसंग आले की पेढी, उधारी, मालाचा साठा असे काहीतरी मागे उरलेले असते. चित्रकाराच्या घरी मागे उरतात ते कुंचले आणि मुलांच्या हातांतली रेघ.

ती रेघ मुंबईच्या सर जे. जे. कला महाविद्यालयात घोटली गेली. १९५१ मध्ये ‘उषा देशमुख सुवर्णपदक’ त्यांना मिळाले. १९५३ मध्ये मुंबईतील प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपच्या प्रदर्शनात त्यांची चित्रे लागली. त्या मंडळींत त्या एकट्या स्त्री होत्या. ज्या गटातील चित्रकारांची चित्रे पुढे कोट्यवधींना विकली गेली, त्याच गटाच्या दालनात भानू राजोपाध्ये यांचीही भिंत होती. तेथून त्यांनी वाट बदलली. ‘फॅशन अँड ब्यूटी’ आणि नंतर ‘ईव्हज वीकली’ या नियतकालिकांसाठी त्या पोशाखांची रेखाटने करीत. ‘ईव्हज वीकली’च्या संपादिकेने वस्त्रांचे बुटिक काढले आणि कागदावर काढतेस तेच कापडावर करून पाहा, असे सुचविले. त्या दुकानात चित्रपटतारका येऊ लागल्या आणि तेथूनच चित्रपटांचा रस्ता फुटला.

या वळणाबद्दल कलाजगतात हळहळ व्यक्त होते. एक मोठी चित्रकार सिनेमाने पळविली, असा तिचा सूर असतो. जमाखर्चाची सवय असलेल्या माणसाला मात्र तो निर्णय चटकन समजतो. चित्र विकले जाईल तेव्हा पैसे, आणि केव्हा विकले जाईल याचा भरवसा नाही. अंकाचे रेखाटन मात्र अंकागणिक लागते. ज्या घरात कर्ता पुरुष लवकर गेला त्या घरातील मुलीला या दोन्हींतला फरक कोणी समजावून द्यावा लागत नाही. शिवाय चित्रकला सुटली असेही झाले नाही. रंगफलकाच्या जागी कापडाचे ठाण आले, इतकेच.

१९५३ पासून त्यांचे नाव चित्रपटांच्या श्रेयनामावलीत दिसू लागले. ‘श्री ४२०’ मधील नादिराचा तो अंगासरशी गाऊन, गुरुदत्त यांच्या संस्थेचे ‘सी.आय.डी.’, ‘प्यासा’, ‘कागज के फूल’ असे एकामागून एक चित्रपट होत गेले. पुढे ही संख्या शंभराच्या वर गेली. तेवढ्या चित्रपटांची यादी देण्यात अर्थ नाही. काही नोंदींपाशी मात्र थांबावे लागते.

पहिली नोंद ‘साहिब बीबी और गुलाम’, १९६२. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कोसळत चाललेली बंगालमधील जमीनदाराची हवेली आणि तिच्यात पतीची वाट पाहणारी छोटी बहू. मीनाकुमारीच्या अंगावरील साड्या आणि दागिने हे श्रीमंतीचे प्रदर्शन म्हणून येत नाहीत. ते तिच्या एकटेपणाचे ओझे होऊन येतात. चित्रपटाच्या शेवटी हवेलीचे भग्नावशेष खणताना मजुरांना एक सांगाडा सापडतो. भूतनाथ तो ओळखतो ते हातातील कंकणावरून. सोने तर सगळ्यांचे सारखेच पिवळे असते. तेथे ओळख पटते ती घाटाची, म्हणजे जी रक्कम कोणत्याही तारणाच्या हिशेबात धरली जात नाही, तिची. संपूर्ण कथेचा भार एका दागिन्यावर टाकलेला असताना तो दागिना प्रेक्षकाच्या लक्षात आधीपासून राहिला पाहिजे, आणि तरीही तो मुद्दाम दाखविला जात आहे असे वाटता कामा नये. रुपेरी पडद्यावर रंग नाही, फक्त काळा, पांढरा आणि मधल्या छटा. अशा वेळी जरीची चमक, मलमलीचा झिरझिरीतपणा आणि धातूवरचा उजेड यांवरच सारे चालते. पोत कळल्याशिवाय हे साधत नाही.

दुसरी नोंद ‘आम्रपाली’, १९६६. जैन वाचकांना या चित्रपटाची पार्श्वभूमी परकी नाही. पडद्यावर सुनील दत्त यांनी साकारलेला मगधाचा अजातशत्रू म्हणजे आपल्या आगमांतील कुणिक. त्याने ज्या वैशालीवर चाल केली ते चेटकराजाचे, म्हणजे त्रिशलामातेच्या माहेरचे गणराज्य. या युद्धाच्या कथा प्रवचनांतून अनेकांनी ऐकल्या असतील. पण वैशालीची नगरवधू नेमके काय नेसत होती, तिच्या कर्णभूषणांचा घाट कसा होता, हे कोणता ग्रंथ सांगणार? त्या काळची चित्रे उपलब्ध नाहीत. भानू अथैया यांनी अजिंठ्याची वाट धरली.

येथे एक प्रामाणिक शंका घेता येते. अजिंठ्याची प्रसिद्ध भित्तिचित्रे मुख्यतः इसवी सनाच्या पाचव्या शतकातील. आम्रपाली त्याच्या जवळपास हजार वर्षे आधीची. इतिहासाच्या काटेकोर तराजूत हे वजन बरोबर बसत नाही. पण पोशाखकाराला मोकळ्या हातांनी परत येता येत नाही. चित्रीकरणाची तारीख ठरलेली असते. जो सर्वांत जवळचा, सर्वांत समृद्ध पुरावा उपलब्ध होता तो त्यांनी घेतला. त्याआधीच्या पौराणिक चित्रपटांतून राजस्त्रियांना मखमली चोळ्या आणि टिकल्यांचे झगे चढविण्याची रीत होती. ती पाहता हे पाऊल किती मोठे होते ते कळते.

लोणारकरांनी आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. अजिंठ्याच्या त्या वैभवशाली टप्प्यातील राजा हरिषेण हा वाकाटकांच्या वत्सगुल्म शाखेचा होता, आणि वत्सगुल्म म्हणजे आपल्या शेजारचे वाशीम. सोळाव्या लेण्यातील शिलालेख त्याच्याच वराहदेव नावाच्या अमात्याचा. म्हणजे त्या भिंतींवरील पट्टेदार वस्त्रे, मोत्यांचे सर आणि दंडातील केयूर हे ज्या राजवटीत रंगविले गेले, तिची राजधानी लोणारपासून फार दूर नव्हती. वैजयंतीमाला यांच्या अंगावर वैशाली म्हणून जे दिसले, त्यात वऱ्हाडचा अंश आहे.

भित्तिचित्र पाहून वस्त्र करणे ही नक्कल नव्हे, हे व्यवसायातील माणसाने समजून घेण्यासारखे आहे. चित्रात मूर्तीची पाठ दिसत नाही. कंचुकी मागे कशी बांधली आहे, मेखलेची फाशी कोठे आहे, नेसूची गाठ कोणत्या बाजूला आहे, हे चित्रकाराने सांगितलेले नसते. चित्रातील स्त्री हलत नाही. नर्तिकेला मात्र गिरक्या घ्यायच्या असतात, आणि गिरकीत मेखला घसरून चालत नाही. खऱ्या धातूचे वजन घालावे तर नाच अडखळतो. फार हलके करावे तर दागिना अंगावर बसत नाही, उडतो, आणि त्याचा खोटेपणा उघडा पडतो. वजन, लवचीकपणा आणि चमक यांचा मेळ घालणे हीच येथली कारागिरी. चित्रपट गल्ल्यावर आपटला. भारतातर्फे तो ऑस्करच्या स्पर्धेसाठी पाठविला गेला, तेथेही हाती काही आले नाही. निर्मात्याच्या वहीत तो तोट्याचा व्यवहार. पण त्यातील पोशाख मात्र निर्मात्याला मागे टाकून पुढे चालत राहिला. प्राचीन काळची राजकन्या, अप्सरा किंवा नर्तिका दाखवायची म्हटली की आजही बहुधा तोच घाट डोळ्यांपुढे येतो.

१९६८ च्या ‘ब्रह्मचारी’ मधील मुमताज यांची नारिंगी साडी ही निराळीच गंमत. नाचताना निऱ्या सुटू नयेत म्हणून ती शिवूनच टाकलेली. चित्रपट लागला आणि गावोगावच्या शिंप्यांनी ती उतरवून घेतली. पेटंट नाही, स्वामित्वधन नाही. कापड दुकानदाराचे ठाण खपले, शिंप्याला शिलाई मिळाली, आणि मूळ कल्पनेच्या खात्यावर काही जमा झाले नाही.

मग ‘गांधी’. रिचर्ड अॅटनबरो यांनी या चित्रपटासाठी जवळजवळ वीस वर्षे धडपड केली होती. चित्रीकरण नोव्हेंबर १९८० मध्ये सुरू झाले. लष्करी गणवेषांचे अभ्यासक आणि ‘स्टार वॉर्स’साठी ऑस्कर मिळविलेले जॉन मोलो हे एका बाजूला, भारतीय जनसागराला कपडे चढविण्याची जबाबदारी भानू अथैया यांच्यावर. अंत्ययात्रेच्या एकाच दृश्यासाठी तीन लाखांवर माणसे जमली होती, यावरून पसाऱ्याची कल्पना यावी.

पण या कामाचे मर्म संख्येत नाही. तीस वर्षे वस्त्रे आणि अलंकार चढविण्यात घालविलेल्या कलावतीला येथे ते उतरवायचे होते. गांधीजींचे आयुष्य वस्त्रांच्या दृष्टीने पाहिले तर ती एक सततची वजाबाकी आहे. लंडनहून आलेल्या बॅरिस्टरचा सूट आणि कडक कॉलर. दक्षिण आफ्रिकेतील साधा होत गेलेला वेष. १९१५ मध्ये मायदेशी परतताना काठेवाडी अंगरखा आणि पागोटे. आणि सप्टेंबर १९२१ मध्ये मदुराईत स्वीकारलेला पंचा. दर टप्प्याला काहीतरी कमी होते. कस्तुरबांचेही तसेच. १९०१ मध्ये दक्षिण आफ्रिका सोडताना मिळालेले सोन्याचे आणि हिऱ्यांचे दागिने गांधीजींनी सार्वजनिक कार्याच्या विश्वस्तनिधीत देऊन टाकले, आणि कस्तुरबांनी त्याला डोळ्यांत पाणी आणून विरोध केला, हा प्रसंग त्यांच्या आत्मकथेत आहे. सुनांसाठी तरी राहू द्या, हे त्या माउलीचे म्हणणे आपल्या घराघरांतून आजही ऐकू येईल. पुण्याच्या रोहिणी हट्टंगडी यांनी पडद्यावर कस्तुरबा उभ्या केल्या आणि त्यांना ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कार मिळाला.

खादी ही कॅमेऱ्याला न आवडणारी वस्तू. तिला चमक नाही, झोळ नाही, रंगाचा आधार नाही. चेहरा आणि खादी, याखेरीज पडद्यावर काही नसताना खादीचेच जाड-बारीक सूत, धुऊन धुऊन आलेला मऊपणा, नव्या आणि जुन्या पांढऱ्यातला फरक यांवर सारे तोलावे लागते. भारतीय पोशाखकाराला जगाने गौरविले ते पैठणीसाठी किंवा जडावाच्या हारासाठी नव्हे, हातमागाच्या जाड्याभरड्या कापडासाठी. ११ एप्रिल १९८३ रोजी लॉस एंजलिस येथे मोलो आणि भानू अथैया यांची नावे पुकारली गेली. जगाचे लक्ष भारताकडे वेधल्याबद्दल त्यांनी अॅटनबरो यांचे आभार मानले आणि दोन वाक्यांत भाषण संपविले.

ऑस्करनंतर त्या परदेशी गेल्या नाहीत. पूर्वीच्याच मुंबईत, पूर्वीच्याच शिंप्यांबरोबर काम चालू राहिले. लता मंगेशकर निर्मात्या असलेल्या ‘लेकिन’साठी आणि पुढे २००१ च्या ‘लगान’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. ‘लगान’ म्हणजे १८९३ सालचे दुष्काळी खेडे. अशा चित्रपटात नवे कापड जसेच्या तसे चालत नाही. ते धुवायचे, घासायचे, उन्हात टाकायचे, कोपरापाशी आणि गुडघ्यापाशी विरवायचे, मग ते शेतकऱ्याचे वाटते. कापडाच्या व्यापाऱ्याला हा उलटा धंदा वाटेल. नव्या मालाला जुना करण्यासाठी वर पैसे मोजायचे, आणि माल जितका कमी किमतीचा दिसेल तितकी घडणावळ जास्त.

२०१० मध्ये त्यांनी वेषभूषेच्या कलेवर इंग्रजीत ग्रंथ लिहिला. वय ऐंशीच्या पुढे गेले होते. २०१२ मध्ये मेंदूत गाठ असल्याचे निदान झाले, आणि त्याच वर्षी त्यांनी जो निर्णय घेतला त्याची येथे पुष्कळ चर्चा झाली. ऑस्करची बाहुली त्यांनी जतनासाठी अमेरिकेतील अकादमीला परत दिली. आपल्यामागे तिची नीट काळजी घेतली जाईल अशी जागा त्यांना देशात दिसत नव्हती. मार्च २००४ मध्ये शांतिनिकेतनातून रवींद्रनाथांचे नोबेल पदक चोरीस गेले, त्याचा दाखला त्यांनी दिला होता. काहींना हा देशाचा अपमान वाटला. ज्यांच्या घरी पणजीच्या बांगड्या लॉकरमध्ये आहेत आणि त्या पुढे कोणाकडे सोपवाव्यात याची चिंता ज्यांनी कधी केली आहे, त्यांना तो अपमान वाटू नये. विश्वासू ठेवीदार शोधणे हा ज्याचे धन आहे त्याचा हक्क असतो.

त्या बाहुलीचाही हिशेब मांडून पाहण्यासारखा आहे. उंची सुमारे ३४ सेंटीमीटर, वजन पावणेचार किलोंच्या थोडे वर. आत साधा मिश्रधातू, वर सोन्याचा मुलामा. अकादमीचा नियम असा की विजेत्याला ती विकायची असेल तर प्रथम अकादमीलाच एका डॉलरला देऊ केली पाहिजे. कोणताही मूल्यांकनकार तिच्यावर कर्ज मंजूर करणार नाही.

१५ ऑक्टोबर २०२० रोजी मुंबईत भानू अथैया यांचे निधन झाले. वय ९१. महामारीचे दिवस होते. मोठ्या शोकसभा झाल्या नाहीत.

जानेवारीत शाळांची स्नेहसंमेलने सुरू झाली की लहान गावांतूनही ड्रेसवाल्यांकडे गर्दी होते. आईबरोबर आलेली एखादी मुलगी हँगरवरच्या रांगेतून मोत्यांच्या सरांची मेखला आणि पट्टेदार नेसू बाहेर काढते. दुकानदार त्याला ‘आम्रपाली’ म्हणतो. पावतीवर भाडे आणि अनामत असे दोन आकडे असतात. मुलगी मेखला कमरेला लावून एक गिरकी घेऊन पाहते. मेखला जागेवर राहते.